आधी ऐकलं, मग दिसलं

"तू घरीच बसायचं," आप्पा म्हणाले. "दोन्हीकडची पोरगी तू. कुठल्या गॅलरीत बसणार? आमच्यात बसलीस तर ते म्हणतील सून फितूर झाली. त्यांच्यात बसलीस तर आमची पोरं मला जित्ता गाडतील."

"मग मधी बसतो की मी."

"मधी पोलीस बसतात."

दादा फिस्सकन हसला आणि बशीतला चहा जर्सीवर सांडता सांडता राहिला. आईनं त्याच्या हातातली बशी काढून घेतली. "आज तरी ती जर्सी स्वच्छ राहू दे," म्हणाली. फायनलच्या दिवशीची सकाळ होती. आप्पा देव्हाऱ्यासमोर उभे राहून एकेका जांभळ्या जर्सीला कुंकू लावत होते. तोंडानं काहीतरी पुटपुटत होते, देवाचं की टीमचं ते देवालाच ठाऊक.

(मी 'बसतो' म्हटलं म्हणून दचकू नका. कोल्हापुरात आम्ही पोरीही 'येतो-जातो'च म्हणतो. 'येते-जाते' मी पुण्यात आल्यावर शिकले, तेही ऑफिसातले हसायला लागले म्हणून.)

तुम्ही आमच्याकडचे नसाल तर थोडं सांगायला पाहिजे. कोल्हापुरात पेठेपेठेत तालमी आहेत. नाव कुस्तीचं, पण प्रत्येक तालमीची फुटबॉलची टीम असते आणि माणूस ज्या गल्लीत जन्मतो त्या तालमीचा होतो. जात विचारायच्या आधी तालीम विचारतात. आमची पिंपळकट्टा तालीम. आप्पा, म्हणजे दिनकरराव सरनाईक, तालमीचे अध्यक्ष आणि टीमचे मॅनेजरही. माझा मोठा भाऊ रणधीर टीमचा स्टॉपर, म्हणजे बचावफळीतला शेवटचा खांब. आणि आमचं सात पिढ्यांचं वैर बुरूज तालमीशी. त्या बुरूज तालमीचा फॉरवर्ड हर्षवर्धन मंडलिक, त्याच्याशी माझं लग्न ठरलं होतं.

कसं ठरलं ते विचारू नका. आप्पा आणि हर्षचे वडील शाळेतले दोस्त, मैदानावर एकमेकांचं तोंड न बघणारे आणि एरवी एका ताटात मिसळ खाणारे. त्यांनी गमतीगमतीत विषय काढला. पण मला हर्ष त्याआधीच आवडत होता, खोटं कशाला बोलू. जानेवारीत साखरपुडा झाला. लग्न मे महिन्यात, सीझन संपल्यावर. आमच्याकडं मुहूर्त काढताना पंचांग नंतर उघडतात, आधी फुटबॉलचं टाइमटेबल बघतात.

आणि साखरपुड्यापासून आप्पांच्या मागं साडेसाती लागली. टपरीवर, दाढीच्या दुकानात, पतसंस्थेच्या मीटिंगमध्ये, जिथं जातील तिथं तेच. "काय अध्यक्ष, जावयाला गोल आंदण देणार म्हणं!" सेमीफायनलनंतर दोन्ही तालमी फायनलला समोरासमोर आल्या, मग तर विचारूच नका. आमच्याच तालमीच्या फळ्यावर कुणीतरी खडूनं लिहिलं, 'रविवारी दुपारी चार वाजता जावयाचं केळवण. स्थळ स्टेडियम.' दादानं ते हातानं पुसलं आणि शेजारी उभ्या असलेल्या पोराची कॉलर धरली. आप्पांनी हसण्यावारी नेलं. पण त्या आठवड्यात त्यांना जेवण जात नव्हतं. भाकरीचा तुकडा मोडायचे आणि तसाच ताटात ठेवायचे.

निघताना दारात पोरांचा घोळका उभा होता. त्यातला एक म्हणाला, "आप्पा, केळवणाला पुरणपोळी की मटण?"

सगळे हसले. आप्पाही हसले. पण जाताना त्यांनी उजव्या पायात डावी चप्पल घातली. मला त्यांची दया आली त्या वेळी. खरंच आली.

ते गेल्यावर मी माडीवर जाऊन हर्षला फोन लावला.

"जपून खेळा," मी म्हटलं.

"मला कोण मार्क करणार आहे माहिताय न्हवं? तुझा भाऊ. घरचाच माणूस."

"म्हणून तर म्हणतोय मी."

"धनश्री, शेवटची मॅच आहे गं माझी. पुढच्या रविवारी पुण्यात ट्रायल. एकदा का सरकारी खात्याच्या टीममध्ये घेतलं, की नोकरी पक्की. मग कुठली पेठ आणि कुठली तालीम. दोन खोल्या बघायच्या आणि गप सुखानं राहायचं."

हेच मला हवं होतं. दुसरं काही नको होतं. मी जन्मापासून त्या गल्लीत हाच गोंधळ ऐकत आले होते. कुणाचा दात पडला, कुणाची काच फुटली, कुणाच्या लग्नात कुणाला बोलावलं नाही, सगळं कशावरून तर एका गोलावरून. हर्ष मला त्यातून बाहेर काढणार होता. आणि ते सगळं त्याच्या दोन पायांवर होतं. त्याला दुसरं काही येत नव्हतं, बारावी नापास, पण पाय असे की बघत राहावं.

"संपली की फोन करा," मी म्हटलं.

"जिंकून करतो," तो म्हणाला.

मॅच ऐकायच्या आमच्याकडं दोन तऱ्हा होत्या. एक चौकातली. एका कॉलेजचं छोटं रेडिओ केंद्र होतं, त्यावर मोठ्या मॅचेसची कॉमेंट्री लागायची. तालमीतली म्हातारी माणसं आपला रेडिओ गणपतीतल्या कर्ण्याला जोडायची, की अख्खी गल्ली ऐकणार, ऐकायचं नसलं तरी. दुसरी तऱ्हा फोनवरची. दोन पोरं स्टेडियममधून लाइव्ह दाखवायची, आमच्या बेंचच्या वरच्या अंगाला कॅमेरा लावून. चित्र बरं यायचं, पण उशिरा. रेडिओवर गोल होऊन चौकात फटाके वाजले तरी फोनवर अजून बॉल मधल्या वर्तुळातच लोळत असायचा. अर्धा-पाऊण मिनिट मागं. म्हणून फोनवर बघणारे दारंखिडक्या लावून बसायचे, चौकातला रेडिओ ऐकू येऊ नये म्हणून.

आईचंही तेच. चार वाजायच्या आत तिनं दोन्ही खिडक्या लावल्या, फोन पाण्याच्या तांब्याला टेकवला आणि पाटावर बसली.

मी उठून खिडकी उघडली.

"अगं, सगळी मजा जाईल की!"

"मला मजा नको. आधी काय झालं ते कळू दे. मग बघतो."

कारण माझा जीव दोन्हीकडं टांगलेला. दादाला लागलं तरी माझं, हर्षला लागलं तरी माझं. आधी कान ऐकतील, मग डोळे बघतील, असं मी ठरवलं होतं. वाईट असेल ते आधी कळलेलं बरं, असं तेव्हा वाटायचं.

पहिल्या हाफमध्ये आमच्या पोरांनी गोल केला. चौकात एकच गलका झाला, हलगी वाजली. फोनवर तो गोल नंतर आला तेव्हा आईनं टाळी वाजवली आणि माझ्याकडं बघून हात खाली घेतला. "तुझं काय गं?" म्हणाली. "कुणीही जिंकलं तरी तू आपली जिंकलेलीच." मी हसले.

हाफ टाइम झाला. आईनं चहा टाकला. ती जरा खुशीत होती. "मेमध्ये ऊन फार असणार. मांडवाला पंखे लावायला सांगायला पाहिजेत," असं काहीबाही बोलत होती.

दुसरा हाफ सुरू झाला आणि थोड्याच वेळात चौक एकदम गप्प झाला. कर्ण्यातून कॉमेंट्रीवाले सर ओरडत होते, "गोल! मंडलिक! हर्षवर्धन मंडलिकनं बरोबरी साधलीय! सरनाईकला चकवून डाव्या पायानं!"

माझ्या तोंडून "अरे वा" निघून गेलं. आई रागानं बघायला लागली. खाली चौकातून कुणीतरी ओरडलं, "झालं केळवण! सरनाईकांनी जावयाला पहिला घास भरवला!" दुसरा म्हणाला, "अध्यक्षाला विचारा, आहेर किती देणार!" ही आमचीच माणसं. आमच्या घराच्या खिडकीखाली.

फोनवर गोल आला तेव्हा मी बघितलं. हर्षनं नुसतं कंबरेत वाकून दाखवलं, दादा डावीकडं गेला, हर्ष उजवीकडं. स्वच्छ गोल, कुणाची चूक नाही. पण स्क्रीनच्या खाली लोकांचे मेसेज सरासरा वर सरकत होते. 'सोयरीक जिंकली, तालीम हरली.' 'रणधीर, हुंडा दिलास काय?' 'सरनाईक घराणं विकलं.' गॅलरीतही तेच ओरडत असणार. कॅमेरा क्षणभर आमच्या बेंचकडं वळला. आप्पा उभे होते. मागच्या गॅलरीतून त्यांच्या अंगावर पाण्याची बाटली येऊन पडली. त्यांनी मागं वळूनही बघितलं नाही.

"बघ," आई म्हणाली, "तुझ्या बापाची काय गत केलीय."

"मी केली काय?"

तिनं चष्मा पदरानं पुसून परत नाकावर ठेवला. मीच केली होती, तिच्या हिशेबानं.

मग बराच वेळ काही झालं नाही. बॉल इकडून तिकडं. मॅच बरोबरीत सुटून टायब्रेकरला जाणार असं कॉमेंट्रीवाले सर म्हणाले. मी मनात म्हटलं, जाऊ दे टायब्रेकरला, कुणीही जिंकू दे, फक्त संपू दे एकदा.

आणि कर्ण्यातून आवाज आला.

"मंडलिक खाली! मंडलिक खाली पडलाय! सरनाईकशी जोरात धडक… अरेरे, पाय धरून लोळतोय तो… स्ट्रेचर बोलवलंय. गंभीर दिसतंय हे. दुर्दैवी अपघात म्हणावा लागेल. रेफ्रींनी पिवळं कार्ड दाखवलंय…"

चौकात शिट्ट्या सुरू झाल्या. हलगी कडाडली. कुणीतरी बेंबीच्या देठापासून ओरडलं, "आता घातलं रे केळवण!" आणि लोक हसले. हसले हो! मी ऐकलंय.

मी फोनकडं बघितलं. फोनवर हर्ष उभा होता.

त्याचे दोन्ही पाय धड होते. बॉल लाइनीबाहेर गेला होता आणि तो कंबरेवर हात ठेवून, घाम पुसत, थ्रो-इनची वाट बघत होता. केस कपाळावर आलेले. माझ्या डोळ्यांसमोर तो अजून धडधाकट होता आणि बाहेर अख्खी गल्ली त्याच्या पडण्यावर नाचत होती. मी फोन दोन्ही हातांनी धरला. "सरका तिथनं," मी म्हटलं, "सरका, सरका की हो!" आईनं माझं मनगट धरलं. मला वाटतं, मी ओरडत होते.

बाकीचे सगळे त्या वेळी बॉलकडं बघत असणार. मी बॉलकडं बघितलंच नाही. बॉलचं काय होणार, कोण पडणार, हे मला आधीच कळलं होतं. म्हणून मी दादाकडं बघत राहिले. कसं होणार आहे ते मला बघायचं होतं.

बॉल आमच्या बेंचपाशी गेला होता. आप्पांनी तो उचलला. आमचा पोरगा थ्रोसाठी हात पुढं करून उभा होता, पण आप्पांनी त्याला बॉल दिला नाही. छातीशी धरून ठेवला आणि दादाला मान हलवून जवळ बोलावलं. दादा गेला. आप्पा काहीतरी बोलले. मग त्यांनी वाकून स्वतःच्या उजव्या गुडघ्यावर थाप मारली. एकच थाप. पहिलवान शड्डू ठोकतात तशी मांडीवर नाही, बरोब्बर गुडघ्यावर.

दादानं मान हलवली. 'नाही' अशी हलवली. मला स्वच्छ दिसलं.

आप्पांनी मागं गॅलरीकडं बोट दाखवलं. परत काहीतरी बोलले. आणि परत गुडघ्यावर थाप मारली. दादा खाली बघत उभा राहिला. मग एकदाच मान खाली-वर केली आणि पळत आपल्या जागेवर गेला. तेव्हा कुठं आप्पांनी बॉल दिला.

थ्रो झाला. बॉल डोक्यावरून गेला, हर्षनं छातीवर घेतला, वळला. दादा बाजूनं आला. तो बॉलकडं बघतच नव्हता. मग मी जे आधी ऐकलं होतं ते मला दिसलं. त्याचं वर्णन करणार नाही मी.

आईनं हात पुढं करून फोन पालथा घातला.

"आई, बघितलंस तू?"

"मी काही बघितलं नाही. माझा चष्मा न्हाई जवळ."

चष्मा तिच्या नाकावर होता.

टायब्रेकर आमच्या तालमीनं जिंकला. संध्याकाळी गुलालानं लाल झालेले आप्पा खांद्यावरून घरी आले. गल्लीनं त्यांना खांद्यावर घेतलं होतं. जो सकाळी मटण की पुरणपोळी विचारत होता तोच पुढं नाचत होता. दारात आईनं ओवाळलं. मी जिन्यात उभी होते.

"हर्षला कुठल्या दवाखान्यात नेलंय?" मी विचारलं.

"काळजी करू नको," आप्पा म्हणाले. "चांगला डॉक्टर गाठून दिलाय मीच. मैदानावर असं होतंच, बाळ."

"तुम्ही गुडघ्यावर थाप मारली."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. लोक मागं उभे होते. "गुडघा दुखत होता माझा," ते म्हणाले आणि आत गेले. दादा त्या रात्री जेवला नाही. सर्दी झालीय म्हणाला.

मी मात्र ठरवून टाकलं होतं. सकाळी दवाखान्यात जायचं आणि हर्षला सगळं सांगायचं. तो व्हिडिओ फोनवर होताच, दाखवायचा. सांगायचं की हा अपघात नाही, माझ्या बापानं आणि भावानं ठरवून केलंय हे. तुमचा पाय कसाही होऊ दे, ट्रायल गेली खड्ड्यात, मी नोकरी करतो. आजच्या आज इथनं जाऊ. माहेर तुटलं तर तुटू दे. रात्रभर मी हे मनात घोकलं. मला स्वतःचा अभिमानही वाटत होता, कशाला लपवू.

सकाळी आई डबा घेऊन माझ्याबरोबर आली. खोलीच्या बाहेरच मला आतलं हसणं ऐकू आलं. आप्पा, दादा आणि हर्षचे वडील, तिघं आधीच येऊन बसले होते. आप्पांच्या कानामागं अजून गुलाल होता. हर्ष पलंगावर, पाय उंच टांगलेला, कंबरेपासून घोट्यापर्यंत प्लास्टरनं पांढरा. आणि तोही हसत होता. त्याचे वडील सांगत होते, "दिनकर, पस्तीस वर्षांपूर्वी तू माझा खांदा निखळवलावतास, आठवतंय काय? त्याच्या मानानं पोरगा सभ्य निघाला तुझा!"

"ये, ये," मला बघून ते म्हणाले. "पोरी, तोंड पाडू नको. डॉक्टर म्हणाला चालता येईल. थोडं लंगडंल, पण चालंल. खेळणं तेवढं संपलं. लग्न मेऐवजी तुळशीच्या लग्नानंतर करू. काय दिनकर?"

"तुम्ही म्हणाल तसं," आप्पा म्हणाले.

मग ते सगळे चहाला खाली गेले. दादा जाताना माझ्या अंगावरून गेला, बघितलं नाही. मी दार लोटलं.

"मला काहीतरी दाखवायचंय," मी म्हटलं आणि फोन हर्षच्या हातात दिला.

तो बघत राहिला. आप्पांनी बॉल छातीशी धरला, गुडघ्यावर थाप मारली, दादानं मान हलवली. हर्षनं व्हिडिओ थांबवला, पुढचा बघितला नाही.

"हे मला माहिताय," तो म्हणाला.

"काय माहिताय?"

"मी समोरच उभा होतो की. मला दिसलं थाप मारताना. वाटलं, चुकवीन. जरा उशीर झाला."

"म्हणजे तुम्हाला कळलंय, की त्यांनी मुद्दाम…"

"धनश्री, लोक काय बोलत होते तुला माहिताय न्हवं? तुझ्या आप्पांची जागा काय राहिली असती? पेठेत राहायचंय त्यांना." तो मला समजावत होता. मोडका पाय टांगून मलाच समजावत होता. "आणि आप्पांनी वडलांना शब्द दिलाय. पतसंस्थेत चिकटवतो म्हणालेत मला. पुण्याला जायचं कारणच नाही आता."

मग फोन हातात फिरवत तो म्हणाला, "खरं सांगू? राग येऊ देऊ नको. आमच्याकडंही हेच चाललंवतं. आमची पोरंही म्हणत होती, मेव्हण्याला सोडणार म्हणून. त्यामुळं मलाही रणधीरचा पाय मोडायला सांगितला होता."

"कुणी?"

"वडलांनी."

खालून आप्पांचं आणि त्याच्या वडलांचं हसणं जिन्यातून वर येत होतं.

"आणि तुम्ही केलं असतंत?"

"चान्स मिळाला नाही," तो म्हणाला. "रणधीर बॉल घेऊन असा माझ्या अंगावर यायचाच नाही कधी."

"मिळाला असता तर?"

"आता झालंच नाही तर कशाला तो विषय?"

"हर्ष, मिळाला असता तर?"

त्यानं खिडकीकडं बघितलं. "केलं असतं," म्हणाला. "आणि मग तू मला विचारायला आली असतीस, तर तुला म्हणालो असतो की अपघात होता. तुला त्रास नको म्हणून."

दादानं निदान एकदा मान हलवली होती. हे माझ्या मनात आलं आणि माझं मलाच कसंतरी झालं, की मी आता दोघांत कमी वाईट कोण ते मोजायला लागलेय. मी फोन त्याच्या हातातून घेतला. तो "डबा काय आणलायस?" असं विचारत होता. मी बाहेर आले.

जिन्यात सगळे भेटले. मी तिथंच सांगितलं, "मी हे लग्न करणार नाही."

हर्षच्या वडलांच्या हातात माझ्यासाठी आणलेला चहाचा कप होता. त्यांचा चेहरा पडला. "पायामुळं?" त्यांनी हळूच विचारलं.

"नाही. तुमच्यामुळं आणि आप्पांमुळं. आणि हर्षना सगळं माहिती आहे, तरी ते हसत होते, त्यामुळं."

"वेडी झालीस काय?" आप्पा ओरडले. नर्स बाहेर येऊन बघायला लागली. दादा भिंतीला टेकून उभा राहिला. "धने," एवढंच म्हणाला. मी थांबले, त्याला बोलायचं असेल तर बोलू दे म्हणून. तो माझ्या हातातल्या फोनकडं बघत राहिला.

रिक्षात आई माझ्याशेजारी आणि आप्पा पुढं, ड्रायव्हरजवळ कडेला टेकून. बिंदू चौक मागं पडला. मग आई म्हणाली, "पोरगी ऐकणार न्हाई, मी ओळखतो तिला. तवा मोडल्यालं मोडलं. पण लोकांस्नी काय सांगायचं ते आत्ताच ठरवा."

"काय सांगायचं?" आप्पा म्हणाले.

"पायामुळं म्हणून सांगायचं."

मी आईकडं वळले. "आई!"

"मग खरं सांगू काय?" ती माझ्यावरच उसळली. "बापानं जावयाचा पाय मोडायला लावला म्हणून सांगू? उद्या रणधीरला पोरगी कोण देईल? ह्यांना तोंड दाखवायला जागा राहील काय? लंगड्याशी लग्न नको म्हणाली पोरगी, हे लोकांस्नी लगेच पटंल. आणि तू काय, शिकलेली हाईस, कुठंबी निभावशील." बोलता बोलता ती रडायला लागली. पदर तोंडाला लावून रडत होती, पण तिनं शब्द मागं घेतला नाही.

आप्पांनी मागं वळून बघितलं नाही. समोर बघतच म्हणाले, "हं. ते बरं पडंल."

आणि तेच सांगितलं गेलं.

पुढच्या वर्षी दादाचं लग्न झालं, थाटात. मी पुण्याला नोकरी धरली. हर्ष पतसंस्थेत क्लार्क आहे. पाय ओढत जातो, पण लोक त्याला उठून जागा देतात, गडी खेळाडू होता म्हणतात. आप्पांचा फोटो तालमीत त्या ट्रॉफीशेजारी लावलाय. तो व्हिडिओ अजून नेटवर आहे. हजारोंनी बघितलाय. सगळे बॉलच बघतात, तो धरणाऱ्याचा दुसरा हात कुणी बघत नाही.

मी वर्षातून एकदा जाते, दिवाळीला. स्टँडवर आप्पा घ्यायला येतात. आता थकलेत, बॅग उचलवत नाही, तरी हट्टानं उचलतात. दरवेळी कुणीतरी ओळखीचं भेटतंच. मागच्या दिवाळीला दोन बायका होत्या, आमच्याच गल्लीतल्या. एक दुसरीला म्हणाली, चांगली ऐकू येईल अशी, "हीच ती. गड्याचा पाय मोडला आणि ही पळाली. बायकांच्या जातीला काळिमा."

आप्पा माझ्या शेजारीच उभे होते. त्यांनी ऐकलं. बॅग या हातातून त्या हातात घेतली आणि म्हणाले, "चल, रिक्षा बघू."